चाल कोणाची, नाद कोणाचा?

र्‍युइची साकामोतो २८ मार्च २०२३ रोजी वयाच्या ७१व्या वर्षी गेले. त्यांच्याविषयी लिहिताना अनेकांनी हाताशी असलेले तयार विशेषण वापरले: पूर्व आणि पश्चिम यांना जोडणारा पूल. जपानी माणूस, पियानो, ऑस्कर, इटालियन दिग्दर्शक, ब्रिटिश गायक एवढा तपशील जमला की असा पूल बांधायला वेळ लागत नाही. या स्तुतीच्या पाठोपाठ आणखी एक समजूत येते. साकामोतो म्हणजे ‘मेरी ख्रिसमस, मिस्टर लॉरेन्स’ आणि ‘द लास्ट एम्परर’ या दोन चित्रपटांच्या अविस्मरणीय सुरावटींचे जनक. त्यांचे इलेक्ट्रॉनिक प्रयोग, दुसऱ्यांच्या रेकॉर्डची निर्मिती आणि अखेरच्या वर्षांतले विरळ, जवळजवळ चालविरहित संगीत हे सगळे त्या सुरावटींच्या कडेकडेने चाललेले उद्योग.

दोन्ही समजुती मला उथळ वाटतात, आणि त्यांचे मूळ एकच आहे. संगीत म्हणजे चाल, आणि चालीला एक गाव असते, हे त्यांत गृहीत धरलेले आहे. माझे म्हणणे असे की साकामोतो यांची कारकीर्द समजायची तर त्यांच्यातल्या संगीतकाराआधी त्यांच्यातला संगीत-निर्माता पाहायला हवा. रेकॉर्डच्या धंद्यात निर्माता म्हणजे केवळ पैसा घालणारा नसतो. चाल, वाद्य, यंत्र, खोली आणि माणसे यांच्या मेळातून ऐकणाऱ्याच्या कानावर शेवटी नेमके काय पडावे, हे तो ठरवतो. साकामोतो यांनी आयुष्यभर हेच ठरवले, आणि चित्रपट-संगीत हे त्या कामाचे सर्वांत दृश्य क्षेत्र होते. हे पाच टप्प्यांत मांडतो, मग त्यावरचे आक्षेप तपासतो.

१. पुलाला दोन काठ लागतात

पुलाची उपमा खरी ठरायची तर दोन्ही काठ पक्के, वेगळे आणि आधीपासून तिथे असायला हवेत. साकामोतो यांच्या बाबतीत तसे काठच सापडत नाहीत. १७ जानेवारी १९५२ रोजी तोक्योत जन्मलेल्या या मुलाचे वडील काझुकी साकामोतो हे नामवंत साहित्य-संपादक; युकिओ मिशिमा यांची ‘कन्फेशन्स ऑफ अ मास्क’ ही कादंबरी त्यांच्या हाताखालून गेली. घरात युद्धोत्तर जपानचे आधुनिक साहित्य, पियानोवर पाश्चात्त्य अभिजात संगीत, रेडिओवर रॉक. किशोरवयात त्यांना सर्वांत जवळचा वाटला तो क्लोद देब्युसी. पण देब्युसीने स्वतः १८८९च्या पॅरिस प्रदर्शनात जावाचे गॅमेलान ऐकले होते आणि त्याच्या स्वरसंगतीवर त्याचा ठसा उमटला, हे संगीताच्या इतिहासातले जुने सत्य आहे. म्हणजे जपानी मुलाला जी ‘पश्चिम’ भेटली तिच्यात आशिया आधीच मुरलेला होता. इथे पूल कोणत्या काठापासून कोणत्या काठापर्यंत टाकायचा?

तोक्योच्या राष्ट्रीय कला विद्यापीठात त्यांनी रचनेचे रीतसर शिक्षण घेतले. तिथेच त्यांना फुमिओ कोइझुमी यांची व्याख्याने ऐकायला मिळाली. कोइझुमी हे भारतात येऊन इथले संगीत शिकलेले, जगभरच्या लोकसंगीताचे अभ्यासक. त्यांच्या वर्गात युरोपीय संगीत हे अनेक संगीतांपैकी एक ठरत होते, आणि जपानी संगीतही तसेच अनेकांपैकी एक. या दृष्टीत ‘आपले’ आणि ‘त्यांचे’ ही वाटणी आपोआप सैल होते.

सर्वांत बोलका पुरावा त्यांच्या विद्यार्थिदशेतला आहे. तोरू ताकेमित्सु हे तेव्हा जपानचे जगप्रसिद्ध संगीतकार. १९६७च्या ‘नोव्हेंबर स्टेप्स’मध्ये त्यांनी बिवा आणि शाकुहाची ही पारंपरिक वाद्ये पाश्चात्त्य वाद्यवृंदासमोर उभी केली होती. जपानी वाद्यांचा हा वापर तरुण साकामोतो यांना राष्ट्रवादाकडे झुकणारा वाटला आणि त्यांनी ताकेमित्सु यांच्याविरुद्ध पत्रके वाटली. पुढे दोघांचे सूर जुळले, ती टीका पोरवयाची होती, हे सगळे मान्य. तरी ज्या माणसाने सार्वजनिक जीवनाची सुरुवात पूर्व-पश्चिम संगमाच्या प्रदर्शनाला विरोध करून केली, त्यालाच मृत्यूनंतर त्या संगमाचे प्रतीक करणे हा विनोद आहे.

१९७८ साली हारुओमी होसोनो आणि युकिहिरो ताकाहाशी यांच्यासोबत स्थापन झालेल्या ‘यलो मॅजिक ऑर्केस्ट्रा’ने हा विनोद स्वतःच करून दाखवला होता. त्यांच्या पहिल्या अल्बमवर ‘फायरक्रॅकर’ आहे. ती अमेरिकन संगीतकार मार्टिन डेनी याची रचना. पाश्चात्त्य दिवाणखान्यासाठी तयार केलेल्या काल्पनिक पूर्वेचे संगीत. तीन जपानी तरुणांनी ती नकली पूर्व उचलली आणि सिंथेसायझरवर, यंत्राच्या काटेकोर तालात परत वाजवली. आरशात दिसणारे आपले विकृत प्रतिबिंब रंगवून ते आरसा बनवणाऱ्यालाच विकण्याचा हा प्रकार. यात पूल नाही. काठांच्या कल्पनेचीच थट्टा आहे.

२. स्टुडिओ हेच वाद्य

मग साकामोतो यांच्या विचारात मध्यवर्ती काय होते? उत्तर त्याच बँडच्या कामाच्या पद्धतीत आहे. यलो मॅजिक ऑर्केस्ट्राच्या तीन सदस्यांइतकेच महत्त्वाचे नाव हिदेकी मात्सुताके यांचे. ते प्रोग्रॅमर होते. रोलँड कंपनीच्या एमसी-८ या यंत्रात स्वर, त्यांची लांबी आणि त्यांची जागा आकड्यांच्या रूपात भरायची आणि यंत्राने ते सिंथेसायझरकडून वाजवून घ्यायचे, अशी ती रीत. रचनाशास्त्र शिकलेल्या तरुणासाठी हा साधा तांत्रिक बदल नव्हता. कागदावर स्वर लिहिला की तो कोणत्या आवाजात वाजेल, किती जोरात सुरू होईल, कसा संपेल हे वादकावर सोडता येते. यंत्रासमोर यातला प्रत्येक निर्णय स्वतःलाच घ्यावा लागतो. रचना आणि नाद यांच्यामधली भिंत इथे पडते.

१९८०चा ‘बी-२ युनिट’ हा त्यांचा एकल अल्बम याचे टोक आहे. त्यातल्या ‘रायट इन लागोस’मध्ये गुणगुणता येईल असे फार थोडे आहे, पण तालाच्या तुकड्यांचे आणि आवाजांच्या पोतांचे जे विणकाम आहे त्याचा प्रभाव पुढे अमेरिकेतल्या इलेक्ट्रो आणि हिप-हॉपवर पडला. चालीच्या मोजपट्टीने हा तुकडा किरकोळ ठरतो. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातल्या संगीताच्या इतिहासात मात्र तो महत्त्वाचा आहे. मोजपट्टी बदलायला हवी ती इथे.

याच सुमारास त्यांनी दुसऱ्यांच्या रेकॉर्डची निर्मिती सुरू केली आणि ती शेवटपर्यंत थांबवली नाही. जपानी पंक गायिका फ्यू हिची पहिली एकल रेकॉर्ड, इंग्लंडच्या व्हर्जिनिया ॲस्टली हिचा १९८६चा अल्बम, स्कॉटलंडच्या ‘अ‍ॅझ्टेक कॅमेरा’चा १९९३चा ‘ड्रीमलँड’, नव्वदीच्या उत्तरार्धात अभिनेत्री-गायिका मिकी नाकातानी हिचे अल्बम. या यादीत एक शैली शोधू गेलो तर सापडत नाही, आणि ते योग्यच आहे. निर्मात्याचे यश त्याची सही उमटण्यात नसते. समोरच्या आवाजाला स्वतःचे स्थान मिळवून देण्यात असते. गायिकेचा श्वास ठेवायचा की पुसायचा, पियानो जवळ आणायचा की लांब ढकलायचा, एखादे वाद्य गाळल्याने गाणे मोकळे होते का, हे त्याचे प्रश्न. चित्रपटाच्या पार्श्वसंगीताला नेमके हेच प्रश्न पडतात, फक्त गायिकेच्या जागी दृश्य येते.

३. हुकूम, मुदत आणि कात्री

नागिसा ओशिमा यांनी १९८३च्या ‘मेरी ख्रिसमस, मिस्टर लॉरेन्स’मध्ये डेव्हिड बोवीसमोर कॅप्टन योनोईची भूमिका देऊ केली तेव्हा साकामोतो यांनी अट घातली की संगीतही मीच करीन. चित्रपट-संगीताचा अनुभव शून्य. दुसऱ्या महायुद्धातली जावामधली छावणी, जपानी पहारेकरी, इंग्रज युद्धकैदी, आणि शीर्षकात ख्रिसमस. इथे जपानी वाद्ये आणि इंग्रजी घंटा यांचा मेळ घालण्याचा सोपा मार्ग खुला होता. त्यांनी तो टाळला. नाताळची आठवण यावी पण युरोपच्या कानालाही आणि आशियाच्या कानालाही परके वाटावे असे काहीतरी त्यांना हवे होते. सिंथेसायझरच्या काचेसारख्या लखलखत्या आवाजात ती धून आली. तिचा पंचस्वरी घाट ‘पौर्वात्य’ म्हणून ओळखला जातो, पण तिचा नाद कोणत्याही देशाचा नाही. १९८०च्या दशकात नुकत्याच जन्मलेल्या यंत्राचा तो नाद होता. या संगीताला ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार मिळाला.

‘द लास्ट एम्परर’ची (१९८७) कथा याहून उद्बोधक आहे. बर्नार्दो बेर्तोलुच्ची यांनी साकामोतो यांना आधी नट म्हणून घेतले होते. मांचुरियातला जपानी सत्ताधारी आमाकासु त्यांनी रंगवला. संगीताचे मुख्य काम आले ते चित्रीकरण उरकल्यानंतर, आणि हातात जेमतेम दोन आठवडे होते. तेवढ्यात चाळीसहून अधिक तुकडे रचले आणि ध्वनिमुद्रित केले गेले. त्यातले बरेच संकलनात गळाले. चिनी संगीत ही साकामोतो यांची घरची परंपरा नव्हती. ते ऐकून, अभ्यासून वापरण्याची सामग्री होती. इटालियन दिग्दर्शक, ब्रिटिश निर्माता, इंग्रजी संवाद, चिनी सम्राट आणि त्याला बाहुले बनवणाऱ्या जपानचा एक संगीतकार: या चौकटीत ‘पूर्वेचा प्रतिनिधी’ म्हणून त्यांच्याकडे पाहणे म्हणजे चीन आणि जपान यांच्यातला रक्तरंजित इतिहास पुसून टाकणे. आमाकासुची भूमिका करणाऱ्या माणसाला तो इतिहास विसरणे शक्य नव्हते.

तिसरे उदाहरण १९९०च्या ‘द शेल्टरिंग स्काय’चे. वाद्यवृंद स्टुडिओत जमलेला असताना बेर्तोलुच्ची यांनी एका तुकड्याची सुरुवात बदलून मागितली. वादक खोळंबले आहेत, आता शक्य नाही, असे साकामोतो म्हणाले. तर चित्रपट-संगीतकार एन्नियो मोरिकोने हे करतात, असे उत्तर मिळाले. त्यांनी तिथेच नवी सुरुवात लिहून दिली. हा किस्सा ते पुढे हसत सांगत.

या तिन्ही प्रसंगांतून निघणारा निष्कर्ष असा. चित्रपट-संगीत हे एकांतात प्रसवलेले काव्य नसते. दुसऱ्याच्या हुकमाखाली, कमी वेळात, आणि आपले निम्मे काम कात्रीखाली जाणार हे गृहीत धरून ते करावे लागते. केवळ चाल सुचणाऱ्या माणसाचा इथे निभाव लागत नाही. दृश्याला कोणता आवाज हवा आणि कोणता नको, हे झटपट ठरवणारा कान लागतो. तो कान त्यांनी ध्वनिमुद्रणाच्या खोलीत कमावला होता.

४. आघात, आस आणि विरणे

शेवटच्या पंधरा-वीस वर्षांतल्या साकामोतो यांच्याबद्दल दुसरा एक सोपा खुलासा तयार असतो: जपानी माणूस म्हातारपणी शांततेकडे वळला, झेन वगैरे. पहिल्या उपमेइतकाच तो आळशी आहे, कारण त्या संगीताचा उगम आणखी जवळ दिसतो.

सिंथेसायझरवर कोणताही आवाज घडवताना चार गोष्टी ठरवाव्या लागतात: स्वर किती झटक्यात उमटेल, मग किती उतरेल, किती काळ धरून राहील आणि सोडल्यावर कसा विरेल. तिशीच्या आत या चार गुंड्यांशी अहोरात्र झटलेला माणूस पुढे पियानोकडे परतला तेव्हा पियानोची मर्यादा त्याला इतरांहून तीव्रतेने जाणवली. पियानोचा स्वर आघाताच्या क्षणापासूनच मरू लागतो. आपल्याकडे सतारीची आस जशी लांबवता येते तशी ती इथे वादकाच्या हाती नाही. न विरणाऱ्या, टिकून राहणाऱ्या स्वराची ओढ साकामोतो यांनी २०१७च्या ‘कोडा’ या माहितीपटात उघड बोलून दाखवली आहे. जर्मन कलावंत आल्व्हा नोटो ऊर्फ कार्स्टन निकोलाय याच्याबरोबरच्या अल्बममध्ये हेच घडते: पियानोचा स्वर ओसरू लागला की त्याच्या शेपटाचे यंत्राने केलेले रूपांतर पुढे वाहत राहते. या संगीतातली शांतता ध्यानातून आली असे मानण्याची गरज नाही. स्वराच्या शेवटाकडे पाहण्याची स्टुडिओतली सवय ती समजावून सांगायला पुरेशी आहे.

खोलीकडे पाहण्याची सवयही तीच. २००१चा ‘कासा’ हा अल्बम त्यांनी मोरेलेनबाउम दांपत्यासोबत रिओत, आन्तोनियो कार्लोस जोबिम यांच्या घरात, त्यांच्याच पियानोवर ध्वनिमुद्रित केला. घर हा तिथे एक वादक होता. २०११च्या त्सुनामीत बुडालेला मियागी भागातल्या एका शाळेचा पियानो त्यांना सापडला. त्याचे सूर बिघडले असे लोक म्हणत. साकामोतो यांना वाटले की माणसाने ताणून बसवलेले सूर निसर्गाने मोकळे केले. त्या पियानोचे आवाज २०१७च्या ‘असिंक’मध्ये आहेत. त्याच अल्बमवर ‘द शेल्टरिंग स्काय’चे लेखक पॉल बोल्स यांचा चित्रपटातला आवाज परत येतो आणि तोच मजकूर अनेक भाषांत वाचला जातो. इथे संगीतकार काय ‘रचतो’? तो निवडतो, शेजारी ठेवतो, जागा देतो.

‘१२’ हा अखेरचा अल्बम त्यांच्या ७१व्या वाढदिवशी आला. त्यातल्या तुकड्यांना शीर्षके नाहीत, फक्त तारखा आहेत. आजारी माणसाचा श्वास पियानोच्या सोबतीने ऐकू येतो. दुसऱ्या निर्मात्याने तो पुसला असता. तो ठेवणे हा एक सौंदर्यविचार आहे, आणि तो विचार १९८०पासून सलग चालत आलेला आहे.

५. कर्तृत्वाची मोजपट्टी

आता या प्रश्नाची संस्थात्मक बाजू. १९८८ साली ‘द लास्ट एम्परर’साठी सर्वोत्कृष्ट संगीताचे ऑस्कर तिघांना मिळाले: साकामोतो, अमेरिकेत वाढलेला डेव्हिड बर्न आणि चीनचा त्सुंग सू. तिघांचे काम बरेचसे स्वतंत्र तुकड्यांचे. कोणाचा कोणता तुकडा हे सांगता येते. सुमारे २८ वर्षांनी, ‘द रेव्हेनंट’च्या (२०१५) वेळी अ‍ॅकॅडमीने उलटा कौल दिला. आलेहांद्रो इन्यारितु यांच्या या चित्रपटासाठी कर्करोगाच्या उपचारांतून नुकतेच सावरलेले साकामोतो, आल्व्हा नोटो आणि ब्राइस डेसनर यांनी काम केले होते. अनेकांचे संगीत एकत्र आल्यामुळे ते स्पर्धेला अपात्र ठरले.

नियमाची तांत्रिक बाजू काहीही असो, त्यामागची कल्पना उघड आहे. संगीताला एक ओळखता येणारा जनक हवा; अनेकांचे हात दिसले तरी त्यांच्या वाटण्या स्वच्छ हव्यात. ‘द रेव्हेनंट’मध्ये ते शक्य नाही. बर्फ, वारा, श्वास, तंतुवाद्यांचे मंद लोट आणि इलेक्ट्रॉनिक कंपने एकमेकांत इतकी मिसळली आहेत की कुठे ध्वनिरेखाटन संपते आणि कुठे संगीत सुरू होते हे सांगता येत नाही. त्या चित्रपटाचे बळ याच न सांगता येण्यात आहे. चालीच्या मालकीवर उभ्या असलेल्या मोजपट्टीला नेमके हेच दिसत नाही.

ही मोजपट्टी आपल्यालाही परकी नाही. मुंबईच्या चित्रपटसृष्टीत सॅबेस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारख्या गोव्याच्या वादक-संयोजकांनी आणि पुढे अनिल मोहिले यांच्यासारख्या मराठी संयोजकाने गाण्यांच्या सुरुवाती, मधले तुकडे, व्हायोलिनचे ताफे उभे केले. आपण मात्र पिढ्यान्‌पिढ्या ‘चाल कोणाची?’ एवढेच विचारत आलो. एखाद्या गाण्याचे सुरुवातीचे संगीत वाजताच ते गाणे ओळखणारा रसिकसुद्धा ते संगीत कोणी रचले हे सांगू शकत नाही. साकामोतो यांच्यात चाल देणारा आणि संयोजन करणारा हे दोघे एकाच माणसात होते, म्हणून त्यांच्या बाबतीत हा अन्याय कमी दिसला. तरी स्तुतीचा वाटा मात्र चाल देणाऱ्यालाच मिळाला.

६. तीन आक्षेप

पहिला आक्षेप सरळ आहे. लोकांना साकामोतो आठवतात ते सुरावटींमुळेच. १९९९ साली एका जाहिरातीतून पुढे आलेला ‘एनर्जी फ्लो’ हा एकट्या पियानोचा तुकडा जपानच्या विक्रीयादीत पहिल्या क्रमांकावर पोहोचला. शब्दविरहित रेकॉर्डला तिथे असा मान प्रथमच मिळाला. मग चाल दुय्यम कशी? चाल दुय्यम आहे असे मी म्हणत नाही. ती एकटीने टिकत नाही, एवढेच म्हणणे आहे. ‘मेरी ख्रिसमस’ची धून साकामोतो यांनी स्वतः सिंथेसायझरवर, पियानोवर, पियानो-व्हायोलिन-चेलो अशा त्रयीत आणि वाद्यवृंदासोबत पुन्हा पुन्हा मांडली. सप्टेंबर २०२२मध्ये त्यांचा मुलगा निओ सोरा याने चित्रित केलेल्या ‘ओपस’मध्येही ती आहे. स्वर तेच, पण १९८३ची धून चकाकते आणि २०२२ची धून प्रत्येक स्वर विरेपर्यंत थांबते. चाल हीच सर्वस्व असती तर या आवृत्त्या एकच गोष्ट सांगत्या. त्या सांगत नाहीत. अर्थ बदलला तो नादामुळे.

दुसरा आक्षेप अधिक टोकदार आहे: पूर्व-पश्चिमेचा हा बाजार साकामोतो यांनीही चालवला. बेर्तोलुच्चींच्या ‘लिटल बुद्धा’मध्ये (१९९३) भव्य वाद्यवृंदाच्या करुण लाटा आणि शेजारी रागसंगीताचे तुकडे आहेत, पाश्चात्त्य प्रेक्षकाला हवा असलेला आध्यात्मिक आशिया तो हाच. हा आक्षेप मी बराचसा मान्य करतो. व्यावसायिक चित्रपटाने त्यांच्याकडून जे मागितले ते त्यांनी अनेकदा दिले, आणि हॉलीवूडच्या काही थरारपटांतले त्यांचे काम दुसऱ्या कुणा कसबी माणसालाही जमले असते. पण हा आक्षेप पुलाच्या बाजूने जात नाही, विरुद्ध जातो. पुलाची प्रतिमा ही त्यांच्या संगीताचे वर्णन कमी आणि बाजाराच्या मागणीचे वर्णन अधिक आहे, हेच त्यातून सिद्ध होते. ती मागणी जिथे नव्हती, म्हणजे पेद्रो आल्मोदोवारच्या ‘हाय हील्स’मध्ये, जॉन मेबरीच्या ‘लव्ह इज द डेव्हिल’मध्ये किंवा ‘तोनी ताकितानी’तल्या एकाकी पियानोत, तिथे पूर्व-पश्चिम हा प्रश्नच उरत नाही.

तिसरा आक्षेप: निर्माता म्हटले की कलावंताचा तंत्रज्ञ होतो; निवड करणे ही काय निर्मिती झाली? उत्तर म्हणून एक छोटा प्रसंग पुरे. न्यूयॉर्कमधल्या एका जपानी उपाहारगृहाचे जेवण साकामोतो यांना अतिशय आवडे, पण तिथे वाजणारे संगीत असह्य होई. त्यांनी आचाऱ्याला पत्र लिहिले आणि संगीताची निवड मी विनामूल्य करून देतो असे कळवले. मग खोलीचा रंग, प्रकाश आणि पदार्थ यांना साजेल असा क्रम त्यांनी लावून दिला. त्यात स्वतःचे संगीत त्यांनी घातले नाही. एका स्वराचीही रचना इथे झालेली नाही, आणि तरीही खोलीचा अनुभव बदलला. निवड ही निर्मिती नाही म्हणणाऱ्याने हा बदल कोणाच्या नावावर मांडायचा ते सांगावे. दिग्दर्शक कोरे-एदा यांच्या ‘मॉन्स्टर’ (२०२३) या चित्रपटालाही हाच न्याय लागतो. प्रकृतीमुळे पूर्ण पार्श्वसंगीत करणे शक्य नव्हते. साकामोतो यांनी दोन नवे पियानोचे तुकडे दिले आणि बाकी जागी त्यांच्या जुन्या रचना आल्या. मुलांच्या त्या गोष्टीसाठी मुळात लिहिलेच नव्हते असे संगीत तिच्यात चपखल बसले, कारण कोणत्या दृश्याला किती कमी संगीत लागते याची जाण त्या कामात आहे.

७. मग समीक्षेने काय विचारावे?

या विवेचनाचा उपयोग एका माणसाची प्रतिमा दुरुस्त करण्यापुरता असेल तर तो थोडाच. खरा मुद्दा चित्रपट-संगीत ऐकण्याच्या आपल्या पद्धतीचा आहे. चाल आठवते का आणि ती कोणत्या मातीतली, हे दोन प्रश्न आपल्याला पुरतात. त्यांच्या जागी तीन प्रश्न यायला हवेत. हा आवाज कशाचा आहे, आणि दुसऱ्या आवाजात हीच चाल वेगळे काय बोलली असती? संगीत कुठे नाही, आणि ते तिथे नसावे हे कोणी ठरवले? दृश्यातले मूळ आवाज, म्हणजे पाऊस, पावले, श्वास, यांच्याशी संगीताचे नाते सत्तेचे आहे की शेजाराचे?

हे प्रश्न ‘द लास्ट एम्परर’ला लावले तर ते संगीत आजही मोठे वाटते, पण थोडे दाटीचे. ‘द रेव्हेनंट’ला लावले तर ज्या कामाला स्पर्धेत उभेही राहू दिले नाही ते दोहोंत पुढचे ठरते. माझा निवाडा असा आहे, आणि तो पुरस्कारांच्या यादीच्या नेमका उलट जातो. साकामोतो यांनी दोन जगे जोडली की नाही याने या निवाड्यात काहीच फरक पडत नाही. रचनाकार लिहितो, यंत्रज्ञ नोंदवतो, संयोजक सजवतो आणि संकलक कापतो ही कामांची जुनी वाटणी त्यांनी मोडली. स्वराच्या पहिल्या आघातापासून तो पूर्ण विरेपर्यंतची जबाबदारी एका कानाने घेता येते हे दाखवले. पुढच्या पिढीच्या चित्रपट-संगीतकारांना लॅपटॉपसमोर बसून रोज हीच जबाबदारी घ्यावी लागते. त्यांच्या कामाचे मोल करायला ‘चाल कोणाची?’ हा एकटा प्रश्न आता अपुरा आहे.